मारहाणीच्या केसमध्ये साक्षीदार एकच, तोही फिर्यादीचा सख्खा भाऊ. अपिलात आरोपी सुटतो का?

एवढ्यावरच नाही सुटत हो. आपल्याकडे किती साक्षीदार हवेत असा आकडाच नाहीये, आधी एव्हिडन्स अ‍ॅक्टचं कलम 134 होतं, आता भारतीय साक्ष अधिनियमात 139, दोन्हीकडे तेच लिहिलंय. सुप्रीम कोर्टाने 1957 ला वडिवेलू थेवर केसमध्ये साक्षीदारांचे तीन प्रकार पाडले: पूर्ण भरवशाचा, अजिबात भरवशाचा नसलेला आणि मधला. पुष्टी, म्हणजे दुसऱ्या पुराव्याचा आधार, लागते ती या मधल्याला, आणि अपिलात सगळी मारामारी इथेच होते, म्हणजे आरोपीचा वकील या भावाला मधल्यात ढकलायला बघणार.

आणि नातेवाईक म्हणजे खोटा असं कोर्ट मानत नाही, उलट सख्खा भाऊ खऱ्या मारणाऱ्याला सोडून भलत्याला कशाला अडकवेल असंच धरतात.

पुष्टी म्हणजे दुसरा माणूसच पाहिजे असंही नाही. समजा सोसायटीच्या पार्किंगमध्ये रॉडने मारलं आणि पुण्यातल्या ससून हॉस्पिटलच्या सर्टिफिकेटवर डोक्याला तशीच जखम, फिर्याद त्याच रात्री, तर खूप झालं. पण साक्षीत रॉड आणि सर्टिफिकेटवर धारदार शस्त्राची जखम असेल तर मात्र अवघड आहे. वेळेत पाच-दहा मिनिटांचा फरक कोणी मनावर घेत नाही.

ज्याने स्वतः मार खाल्लाय त्याच्या साक्षीला तर जास्तच वजन असतं. मॅजिस्ट्रेटने शिक्षा दिली असेल तर आरोपी पुण्यात शिवाजीनगरला सेशन्स कोर्टात 30 दिवसांत अपील टाकू शकतो, तिथे पुरावा पुन्हा पहिल्यापासून तपासतात, फक्त साक्षीदार परत उभे करत नाहीत सहसा.