चार्टवर ‘फ्रॅक्चरची शंका’ लिहिलं असेल तर कोड कोणता द्यायचा?

तुमचा प्रश्न असा : इमर्जन्सीचे चार्ट नुकतेच हातात आलेत आणि त्यातले दुखापतींचेच ऑडिटमधून परत येतायत. ‘पडल्यावर उजवं मनगट दुखतंय, फ्रॅक्चरची शंका’ अशा चार्टला फ्रॅक्चरचा कोड दिलात तेव्हा चूक निघाली, पुढच्या वेळी नुसता दुखण्याचा दिलात तर ‘अपुरा’ असा शेरा आला.

मी बरीच वर्षं हेच काम करते आहे, म्हणजे रुग्णाचा चार्ट वाचून त्यातल्या निदानांना ठरलेले कोड देण्याचं. तुमचे चार्ट अमेरिकेतले आहेत असं धरून सांगते, म्हणजे १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथे लागू असलेल्या आयसीडी-१०-सीएम या निदानांच्या कोडसंचाचे नियम.

इमर्जन्सीत तपासून घरी पाठवलेला रुग्ण हा बाह्यरुग्ण. बाह्यरुग्णाच्या चार्टवर ‘शक्यता’, ‘संशय’, ‘रूल आउट’ (म्हणजे ‘नाही ना, ते तपासा’) अशा शब्दांसोबत आलेलं निदान कोड करायचंच नाही. त्या भेटीत जेवढं खात्रीने कळलं तेवढंच घ्यायचं. गोंधळ होतो तो बहुतेक वेळा आंतररुग्णाच्या, म्हणजे भरती केलेल्या रुग्णाच्या नियमामुळे. तिथे हॉस्पिटलच्या बाजूने कोडिंग करताना डिस्चार्जच्या वेळी ‘संभाव्य’ म्हणून लिहिलेलं निदान, ते आहेच असं धरून कोड करता येतं. प्रशिक्षणात हे दोन्ही नियम पाठोपाठ शिकवतात आणि डोक्यात एक होऊन बसतात.

मनगटाच्या बाबतीत हा नियम फार कसाला लागतो, कारण तिथे स्कॅफॉइड नावाचं छोटं हाड आहे. त्याचं फ्रॅक्चर पहिल्या एक्स-रेत अनेकदा दिसतच नाही. म्हणून डॉक्टर अंगठा धरून स्प्लिंट लावतात आणि दहा-चौदा दिवसांनी पुन्हा एक्स-रे काढायला सांगतात. कामाला लागल्यावर पहिल्याच वर्षी मी असा चार्ट फ्रॅक्चर म्हणून कोड केला होता. स्प्लिंट लावलंय म्हणजे मोडलंच असणार, असं मला वाटलं. पुढच्या भेटीत डॉक्टरांनी ‘फ्रॅक्चर नाही’ असं स्पष्ट लिहिलं, पण तोवर न झालेलं फ्रॅक्चर त्या माणसाच्या नोंदीत गेलं होतं. उपचार बघून निदान ओळखणं हे कोडरचं काम नाही, हे मला त्या चार्टने शिकवलं.

आता ‘अपुरा’ का म्हणाले, ते. माझा अंदाज असा की तुम्ही ‘रुग्णाची तक्रार’ वाचून थांबलात. चार्ट शेवटपर्यंत वाचा. डॉक्टरांनी अंतिम निदानात ‘उजव्या मनगटाची मुरगळ’ असं लिहिलं असेल तर कोड एस६३.५०१ए, आणि मग दुखण्याचा वेगळा कोड नको, कारण मुरगळ म्हटलं की दुखणं त्यातच आलं. ‘मनगटाला दुखापत’ एवढंच असेल तर एस६९.९१एक्सए. खरोखर ‘दुखणं’ याखेरीज काहीच नसेल तरच एम२५.५३१. एक्स-रेचा रेडिओलॉजिस्टने दिलेला अंतिम अहवाल कोडिंगच्या वेळी हाताशी असेल आणि त्यात फ्रॅक्चर ठामपणे सांगितलं असेल, तर ते घेता येतं, कारण रेडिओलॉजिस्टही डॉक्टरच आहे. पण इमर्जन्सीचे डॉक्टर एक म्हणतायत आणि अहवाल दुसरंच सांगतोय, अशा वेळी आपण निवाडा करायचा नाही, क्वेरी पाठवायची, म्हणजे डॉक्टरांनाच लेखी विचारायचं.

नर्सच्या नोंदीवरून निदान घेता येत नाही. मात्र डावं की उजवं हे डॉक्टरांनी लिहिलं नसेल आणि नर्सच्या नोंदीत असेल, तर बाजू तिथून घ्यायला परवानगी आहे. हे माहीत नसल्यामुळे किती चार्ट ‘अनस्पेसिफाइड’मध्ये, म्हणजे बाजू न सांगणाऱ्या कोडमध्ये जातात!

दुसरी मोठी चूक सातव्या कॅरेक्टरची, म्हणजे दुखापतीच्या कोडच्या शेवटी येणाऱ्या अक्षराची. ‘ए’ म्हणजे पहिली भेट, असं जवळजवळ प्रत्येक नवा कोडर समजतो, आणि त्यात त्याचा दोष नाही, कारण शीर्षकच ‘इनिशियल एन्काउंटर’ असं आहे. प्रत्यक्षात ‘ए’ म्हणजे दुखापतीवर सक्रिय उपचार चालू आहेत. आज इमर्जन्सीत मनगट बांधलं आणि चार दिवसांनी ऑर्थोपेडिक सर्जनने त्याच हाडाचं ऑपरेशन केलं, तर ती भेटही ‘ए’च. उलट टाके काढायला रुग्ण पुन्हा इमर्जन्सीत आला तर ‘डी’, म्हणजे सक्रिय उपचारांनंतरची देखभाल. तिथे टाके काढण्याचा झेड कोड (झेडने सुरू होणारा, भेटीचं कारण सांगणारा) देण्याचा मोह होतो, पण दुखापतीच्या पुढच्या देखभालीला झेड कोड चालत नाहीत, मूळ जखमेचाच कोड ‘डी’ लावून द्यायचा. जखम भरून गेल्यावर मागे राहिलेल्या त्रासासाठी ‘एस’.

फ्रॅक्चरमध्ये ओपन (जखम हाडापर्यंत गेलेली) की क्लोज्ड हे लिहिलेलं नसेल तर क्लोज्ड धरायचं, सरकलेलं की न सरकलेलं हे नसेल तर सरकलेलं. हाताला जखम आहे आणि आत हाड मोडलंय, एवढ्यावरून ओपन म्हणू नका. ती जखम हाडापर्यंत जाते की नाही हे डॉक्टरांनीच सांगायला हवं.

वयस्कर रुग्ण असेल तर इथे आणखी एकदा थांबा. ऑस्टिओपोरोसिस (हाडं ठिसूळ होण्याचा आजार) असलेली बाई उभ्या उभ्या किंचित तोल जाऊन पडली आणि खुबा मोडला. पडली म्हणजे अपघात, म्हणून हात एस७२कडे, म्हणजे दुखापतीने झालेल्या फ्रॅक्चरच्या कोडकडे जातो. पण निरोगी हाड एरवी मोडलं नसतं इतकं ते पडणं किरकोळ असेल, तर नियम एम८०कडे, म्हणजे ऑस्टिओपोरोसिसमुळे झालेल्या फ्रॅक्चरकडे पाठवतो. माझ्या मते ही सगळ्यात महागात पडणारी चूक आहे, पैशाने नव्हे, त्या बाईसाठी. एस कोडमध्ये ती फक्त ‘पडलेली’ राहते, ठिसूळ हाडांची गोष्ट त्या फ्रॅक्चरशी जोडलीच जात नाही.

डोक्याच्या दुखापतीत शुद्ध हरपली होती का आणि किती वेळ, हे शोधल्याशिवाय एस०६मध्ये, म्हणजे मेंदूच्या दुखापतीच्या कोडांमध्ये शिरू नका. बोट कापलं असेल तर कोणतं बोट, नखाला इजा झाली का, आत काच-बिच राहिली का, या तिन्हींवर कोड बदलतो. मोठी दुखापत असेल त्याच जागेचं खरचटणं किंवा मुका मार वेगळा कोड करत नाहीत. क्रमात सर्वांत गंभीर दुखापत पहिली, आणि गंभीर कोणती हे ठरवणार डॉक्टर.

दुखापत कशी झाली याचे व्ही ते वाय कोड कधीही पहिल्या क्रमांकावर येत नाहीत. ते देशभर सक्तीचे नाहीत, पण काही राज्यं आणि विमा कंपन्या मागतात. तरी ‘जिन्यावरून पडला’ असं स्पष्ट लिहिलेलं असताना डब्ल्यू१९ हा मोघम पडण्याचा कोड देणं मला पटत नाही, जिन्यासाठी डब्ल्यू१० आहे.

परत आलेल्या चार्टांपैकी एखादा, रुग्णाची ओळख पूर्ण काढून, अंतिम निदानाच्या नेमक्या शब्दांसह खाली लिहा. मी बघून सांगते.