वाचकांचे प्रश्न : वीरगळाची प्रत कशी काढावी?

प्रश्न : पॅरिसच्या वास्तुशिल्प संग्रहालयातली भव्य शिल्पं प्लास्टरच्या प्रती आहेत म्हणे. मग त्यांचं मोल काय? आमच्या देवळापुढच्या तीन फुटी वीरगळाची (लढाईत पडलेल्या वीराच्या स्मारकशिळेची) अशी प्रत शाळेसाठी काढता येईल का?
— एक शिक्षक, वडूज (जि. सातारा)

उत्तर : व्हियोले-ल-द्युक या वास्तुविशारदाच्या कल्पनेतून हे संग्रहालय १८८२ मध्ये उघडलं. देशभरच्या चर्चची महाद्वारं शेजारी शेजारी, डोळ्यांसमोर पाहता यावीत म्हणून साचे काढले गेले. मोल कळलं ते पुढे. फ्रान्समधल्या रेम्सच्या चर्चवरच्या हसऱ्या देवदूताचं डोकं १९१४ च्या आगीत तुटून पडलं. ते पुन्हा बसवताना तुकड्यांच्या जोडीला संग्रहालयातली जुनी प्रतच उपयोगी आली.

तुमच्याकडे मात्र साच्याची घाई नको. आपला बेसॉल्ट, म्हणजे काळा दगड, बऱ्याचदा सच्छिद्र असतो. साच्यासाठी वापरायच्या सिलिकॉन रबरातलं तेल त्यात मुरलं, तर काळपट डाग कायमचा राहतो. त्यात वीरगळावर शेंदूर किंवा ऑइल पेंट असला, तर साचा सोलताना पापुद्रे आणि त्यांच्यासोबत दगडाचे कणही निघून येतात. रंग काढायला तारेचा ब्रश किंवा ॲसिड तर मुळीच लावू नका.

आधी फोटो काढा. ढगाळ दिवशी, चहूबाजूंनी, प्रत्येक फोटोत आधीच्या फोटोचा किमान साठ-सत्तर टक्के भाग येईल असे. शेजारी मोजपट्टी ठेवा. या फोटोंवरून संगणकावर त्रिमिती प्रत तयार होते, दगडाला हातही लावावा लागत नाही. तळाची लढाई, मधल्या अप्सरा, वरची शिवलिंगपूजा असे सगळे कप्पे त्यात येतात. शाळेला एवढं पुरे, असं आमचं स्पष्ट मत आहे.

तरीही साचाच हवा असेल, तर ग्रामपंचायतीची संमती घ्या आणि स्थळ संरक्षित असल्यास पुरातत्त्व विभागाची परवानगीही. मग जाणकाराकडून मागच्या बाजूला, तळाशी चाचणी करून घ्या. डाग पडला तर तिथेच थांबा. सिलिकॉनचा पहिला हात पातळ, ब्रशने; पुढचे हात जाड, एकूण चार-पाच मिलिमीटर. तीन-चार किलो माल लागतो. त्यावर काथ्या घातलेल्या प्लास्टरचं कवच हवंच, नाहीतर मऊ साचा वाकतो आणि प्रत वाकडी येते.

ओतताना एक लिटर पाण्यात साधारण दीड किलो प्लास्टर भुरभुरवा. उलट केलंत, तर गुठळ्या होतात. मिनिटभर भिजू द्या, मग हळू ढवळा. जोरात ढवळल्यास बुडबुडे येऊन नेमकी नाकं आणि बोटं पोकळ निघतात. पावसाळ्यात उघडं राहिलेलं पोतं वापरू नका, त्यातलं प्लास्टर नीट आवळत नाही.

प्रश्न : तयार प्रत अंगणात ठेवली तर चालेल का?
— एक वाचक, तासगाव (जि. सांगली)

उत्तर : नाही. प्लास्टर म्हणजे जिप्सम, पावसात ते हळूहळू विरघळतं. बाहेर ठेवायची असेल, तर सिमेंटमध्ये ओता आणि मागे ‘प्रतिकृती’ हा शब्द व वर्ष कोरा.