फेलूदा आधी वाचावा की पाहावा?

चित्रपट दिग्दर्शक सत्यजित राय यांनी मुलांसाठी केलेल्या कामाबद्दल आलेल्या प्रश्नांपैकी चार इथे घेतले आहेत.

प्रश्न : जगभर नाव झाल्यावर, चाळिशीत राय मुलांसाठी का लिहू लागले? विरंगुळा म्हणून?

विरंगुळा म्हणणं आम्हाला पटत नाही. घरचं मासिक पुन्हा सुरू झालं होतं आणि त्याला दर महिन्याला मजकूर लागायचा. आजोबा उपेंद्रकिशोर यांनी १९१३ मध्ये ‘संदेश’ काढलं. बंगालीत संदेश म्हणजे निरोप आणि छेन्याची मिठाईही, म्हणजे नावातच खाऊ! वडील सुकुमार राय १९२३ मध्ये काळा आजाराने गेले तेव्हा सत्यजित अडीच वर्षांचेही नव्हते. पुढे छापखाना बुडाला, मासिकही बंद पडलं. १९६१ मध्ये त्यांनी कवी सुभाष मुखोपाध्याय यांना सोबत घेऊन ते पुन्हा उभं केलं. त्याच वर्षी त्यात शास्त्रज्ञ प्रोफेसर शंकू अवतरला, १९६५ मध्ये गुप्तहेर फेलूदा. फेलूदाच्या पूर्ण झालेल्या कथाच ३५ भरतात.

शिवाय मुलांच्या पुस्तकांशी नातं त्याआधीचं. १९४३ मध्ये ते महिना ८० रुपयांवर जाहिरात कंपनीत चित्रकार म्हणून लागले. त्याच सुमारास ‘पथेर पांचाली’ या कादंबरीच्या मुलांसाठीच्या संक्षिप्त आवृत्तीची चित्रं त्यांच्याकडे आली. ती काढताकाढता यातून सिनेमा होईल हे त्यांच्या मनाने घेतलं. त्यांच्या पहिल्या चित्रपटाचं बीज असं मुलांच्या पुस्तकात आहे.

प्रश्न : मुलगा दहा वर्षांचा आहे. ‘सोनार केल्ला’ आधी वाचायला द्यावं की दाखवावं?

आधी पुस्तक. इथे क्रम चुकला तर वाचनातली अर्धी गंमत जाते.

ही फेलूदाची कथा. लहानग्या मुकुलला मागच्या जन्मातला सोन्याचा किल्ला आठवतो आणि गुप्तधनाच्या लोभाने दोघे लुच्चे त्याच्या मागे लागतात. पुस्तकात ही हकिगत फेलूदाचा चुलतभाऊ तोपशे सांगतो. त्याला दिसेल तेवढंच आपल्याला दिसतं, त्यामुळे खरा कोण आणि सोंग कोणाचं, हे बराच काळ कळत नाही. १९७४ च्या चित्रपटात मात्र राय यांनी हे गुपित सुरुवातीलाच फोडलं. मुकुलला सोबत नेणाऱ्या खऱ्या डॉक्टर हाजरांना डोंगरावरून ढकललेलं आपण डोळ्यांनी पाहतो आणि मग त्या दोघा लुच्च्यांतला एक त्यांच्या नावाने वावरायला लागतो.

हे का केलं असेल? शेवटी गुप्तहेराने सगळ्यांना समोर बसवून उलगडा सांगायचा, हे कागदावर रंगतं, पडद्यावर नुसती बडबड होते. शिवाय असा सिनेमा दुसऱ्यांदा कोण पाहील? प्रेक्षकाला आधीच ठाऊक असलं, की मुकुल त्या माणसाजवळ निर्धास्तपणे बसला तरी आपला जीव खालीवर होतो.

मराठीत फेलूदा अशोक जैन यांच्या अनुवादात आहे, प्रकाशक रोहन प्रकाशन. फेलूदाचा लेखक-मित्र जटायू ‘सोनार केल्ला’तच, रेल्वेच्या डब्यात पहिल्यांदा भेटतो, म्हणून सुरुवात इथूनच करा.

प्रश्न : शाळेत मुलांची दहा मिनिटांची फिल्म करतोय. कॅमेरा लागला की मुलं लाकडासारखी चालतात. राय काय करायचे?

‘पथेर पांचाली’च्या पहिल्याच दिवशी, २७ ऑक्टोबर १९५२ ला, हीच अडचण आली. काशफुलांच्या, म्हणजे पांढऱ्या तुऱ्यांच्या उंच गवताच्या, शेतात कथेतल्या छोट्या अपूने बहिणीला शोधत चालायचं होतं. मुलगा सरळ, ताठ चालत राहिला. “इकडे बघ, आता तिकडे बघ” सांगून भागत नाही, कारण मूल पुढच्या हुकमाकडे कान लावून असतं आणि ते चेहऱ्यावर दिसतं. राय यांनी वाटेत काटक्याकुटक्या टाकल्या, म्हणजे पावलं आपोआप अडखळत पडतील. मग आजूबाजूला माणसं लपवली आणि ठरल्या वेळी त्यांना हाका मारायला लावल्या. मुलगा खरोखरच वळून बघू लागला.

तुम्हीही तेच करा. दर दोन-तीन पावलांवर, चौकटीबाहेर राहतील अशा काड्या टाका. दोन्ही बाजूंना मिळून तीन जण लपवा आणि हाकांचा क्रम मुलाला सांगू नका. तालीम नको, एकदा झाली की हाक कुठून येणार हे मुलाला कळतं आणि मान आधीच वळते. हाका ध्वनिमुद्रणात येणारच, म्हणून त्या दृश्याचा आवाज नंतर वेगळा घाला.

आणखी एक. आठवड्याने राय परत गेले तर गुरांनी काशफुलं खाऊन टाकलेली. उरलेलं चित्रण पुढच्या हंगामावर गेलं. गवत, फुलं, पाणी दिसणारी दूरची दृश्यं एकाच दिवसात उरका. जवळून घ्यायचे चेहरे मागाहून चालतात.

प्रश्न : ‘गुपी गायेन बाघा बायेन’मधल्या भुतांना पहिलीतली मुलं घाबरतील का?

सहसा नाही, नाचायला लागतात. पण राय यांचा १९६९ चा हा चित्रपट कृष्णधवल आहे हे आधी सांगा. रंगीत करण्याइतके पैसे उभे राहिले नाहीत, रंग फक्त अगदी शेवटी येतो. मोठ्या कुणीतरी उपशीर्षकं मराठीत सांगत जावीत. गाण्यांच्या वेळी मात्र गप्प बसावं. भुतांचा नाच साडेसहा मिनिटांच्या आसपास चालतो. त्यात सूर नाही, नुसता ताल : मृदंगम, घटम, कंजिरा, मोर्सिंग. भुतांचे प्रकारही चार : राजे, साधी माणसं, गोरे साहेब आणि ढेरपोटे. प्रत्येक प्रकाराला आपलं एक वाद्य. दुसऱ्यांदा लावाल तेव्हा मुलांना डोळे मिटायला सांगा आणि आत्ता कोणती भुतं नाचताहेत ते नुसत्या वाद्यावरून ओळखू द्या. त्यानंतर वर देणाऱ्या भुतांच्या राजाचा आवाज ऐकवा. तो स्वतः राय यांचा आहे.