"परगावी जात असल्याने" असं लिहून देऊ नका

ताई, तुमची पोस्ट काल रात्री वाचली आणि नंतर बराच वेळ झोप लागली नाही. मुलगी पाचवीत, दिवाळीनंतर तिला शाळेत पाठवलेलं नाही, घरीच शिकवायचं जवळजवळ ठरलंय. मुख्याध्यापिका म्हणतात, सक्तीच्या शिक्षणाचा कायदा आहे, पोलीस केस होईल. शाळा सोडल्याचा दाखला मागितला तर क्लार्क म्हणतो, "आधी पुढच्या शाळेचं नाव आणा, नाहीतर परगावी जातोय असं लिहून द्या, दाखला उद्या घेऊन जा."

कृपा करून तसं लिहून देऊ नका. मी दिलं होतं, जानेवारी २०१८ मध्ये, माझा मुलगा पाचवीत असताना. बाकी सगळं मागाहून निस्तरता आलं, हे एक वाक्य मात्र चार वर्षं पुरलं.

आधी पोलीस केसचं सांगते, कारण तुमची झोप त्यानं उडालेली दिसते. मी वकील नाही. मी लिहितेय ते कायदा स्वतः वाचून आणि त्यापायी कचेऱ्यांत खेटे घालून कळलेलं आहे. मोठा निर्णय घेण्याआधी एखाद्या वकिलाला तासभर भेटाच. शिक्षण हक्क कायदा २००९ चा, लागू झाला १ एप्रिल २०१० पासून, ६ ते १४ वयाच्या मुलांसाठी. त्यातलं कलम १० म्हणतं की मुलाला जवळच्या शाळेत घालणं हे पालकाचं कर्तव्य आहे. पण ते पाळलं नाही तर पालकाला दंड किंवा शिक्षा काय, याबद्दल कायद्यात एक ओळ नाही. सक्ती कोणावर, हे कलम ८ मध्ये आहे: प्रत्येक मुलाचा प्रवेश, हजेरी आणि आठवीपर्यंतचं शिक्षण पूर्ण होईल हे बघायची सक्ती सरकारवर आहे. १९१७ साली शाहू महाराजांनी करवीर संस्थानात सक्तीच्या प्राथमिक शिक्षणाचा कायदा केला, तेव्हा मूल शाळेत न पाठवणाऱ्या पालकाला महिना एक रुपया दंड होता. आजच्या कायद्यात तेवढाही नाही. त्यामुळे "पोलीस केस" हे घाबरवणं आहे.

पण म्हणून घरी शिकवणं कायदेशीर आहे असं कुणी छातीठोकपणे सांगत असेल, तर तेही ऐकू नका. कायदा घरच्या शिक्षणाचं नाव फक्त एका ठिकाणी घेतो. २०१२ च्या दुरुस्तीनं बहुविकलांग आणि तीव्र अपंगत्व असलेल्या मुलांना घरी राहून शिकण्याचा पर्याय दिला. बाकीच्या मुलांबद्दल कायदा गप्प आहे. अधिकारी म्हणतो, ज्यांना द्यायचं त्यांचं नाव घेतलंय, म्हणजे इतरांना नाही. आपण म्हणतो, मनाई कुठेच लिहिलेली नाही. मला दोन्ही म्हणण्यांत दम वाटतो, आणि म्हणूनच मी कचेरीत कधी कायद्याचा कीस पाडत नाही. एकदा पाडला होता. २०१२ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयात घरी शिकणाऱ्या एका मुलीची याचिका होती. स्वखुशीनं घरी शिकवणाऱ्या पालकांच्या आड हा कायदा येत नाही, असं केंद्र सरकारनं त्यात प्रतिज्ञापत्रावर सांगितलं होतं. त्या बातमीचं कात्रण मी साहेबांच्या टेबलावर ठेवलं. साहेबांनी शांतपणे सांगितलं की त्याच सरकारनं पुढे ती भूमिका बदलली. ते बरोबर होतं आणि मला माहीत नव्हतं. त्या दिवसापासून दाखल्याच्या दुरुस्तीसाठी दिलेल्या माझ्या अर्जाला तिथे कोणी हात लावेना; तो अर्ज का करावा लागला ते पुढे सांगते.

आता दाखल्याचं. माझ्या मुलाच्या रोज सकाळी पोटात दुखायचं, रविवारी नाही. डॉक्टर झाले, समुपदेशक झाल्या, शेवटी आम्ही दोघांनी ठरवलं की पुरे. शाळेच्या ऑफिसात गेले. क्लार्क चांगला माणूस होता, मुद्दाम वाईट करायचं म्हणून त्यानं काही केलं नाही. ऑनलाइन पोर्टलवर मूल एका शाळेतून निघतं ते दुसऱ्या शाळेनं विनंती पाठवली की. दुसरी शाळाच नाही म्हटल्यावर त्याचीही अडचण होती. त्यानं कागद पुढे केला आणि मजकूर सांगितला, मी लिहीत गेले. "परगावी जात असल्याने पाल्याचा दाखला मिळावा." दुसऱ्या दिवशी दाखला हातात आला. "शाळा सोडण्याचे कारण" या रकान्यात निळ्या शाईत लिहिलं होतं: परगावी. त्याच्या वर, "कोणत्या इयत्तेत शिकत होता" इथे: पाचवीत, जून २०१७ पासून. मला आनंदच झाला होता, किती सहज काम झालं म्हणून.

जुलैत शाळाबाह्य मुलांच्या शोधमोहिमेत दोन शिक्षिका घरी आल्या. त्यांच्या यादीत आमचा मुलगा "स्थलांतरित" होता आणि तो समोर सोफ्यावर बसून चित्र काढत होता. त्या बाईंचा चेहरा मला अजून आठवतो. त्यांना वाटलं आम्ही काहीतरी लपवतोय. मुलांची नोंद ठेवणं हे कलम ९ नुसार स्थानिक प्राधिकरणाचं कामच आहे, त्यांची काहीच चूक नव्हती. खरं कारण लिहिलेलं असतं तर मी वह्या दाखवल्या असत्या, चहा दिला असता आणि विषय संपला असता. पण मी स्वतःच्या सहीनं खोटं लिहून दिलेलं होतं, त्यामुळे माझं कुठलंच खरं कोणी ऐकेना.

मग दुरुस्तीसाठी फेऱ्या सुरू झाल्या. शाळा म्हणे, जनरल रजिस्टरमधली, म्हणजे शाळेच्या कायमच्या नोंदवहीतली, नोंद वरच्या परवानगीशिवाय बदलता येत नाही. वरचं ऑफिस म्हणे, शाळेचा प्रस्ताव आणा. त्या ऑफिसचं नाव मी लिहिणार नाही, आज तिथे वेगळी माणसं असतील. सात महिने. माझा पहिला अर्ज तिथे सापडलाच नाही, कारण मी एकच प्रत दिली होती आणि पोच घेतली नव्हती. दुसऱ्या वेळी टेबलावरच्या बाई म्हणाल्या, "तुम्हीच लिहून दिलंय ना? मग आता काय बदलायचं?" यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. हे लिहितानाही हात गरम होतात. मुलाला मारून मुटकून शाळेत बसवलं असतं तर कुणी एक शब्द विचारला नसता, आणि घरी नीट शिकवायला घेतलं तर आईनं सात महिने बाकावर बसायचं. असो. ती नोंद शेवटपर्यंत बदलली नाही.

खरा फटका पुढे बसला. त्याच दाखल्यावरची दुसरी ओळ, पाचवी. मुलगा चौदाचा झाल्यावर राज्य मंडळाची दहावी बाहेरून द्यावी म्हणून १७ नंबरचा फॉर्म भरायला घेतला. त्यासाठी मूळ दाखला लागतो आणि उमेदवार किमान पाचवी उत्तीर्ण लागतो. माझा मुलगा जानेवारीत निघाला होता, म्हणजे कागदावर चौथी पास. तेव्हा आठवीपर्यंत कोणालाही मागे ठेवत नसत. अजून तीन महिने नाव पटावर राहिलं असतं, तर निकालपत्रावर "पाचवी उत्तीर्ण" आपोआप आलं असतं. तीन महिन्यांची घाई आणि एक दरवाजा बंद.

म्हणून तुम्हाला कळकळीनं सांगते, तुमची मुलगी नेमकी त्याच टप्प्यावर आहे. तिला मारहाण किंवा तसं काही होत नसेल, तर एप्रिलपर्यंत नाव काढू नका. तसं काही होत असेल तर थांबू नका, पण घरी आणण्याआधी दुसऱ्या शाळेत नाव घाला आणि तिथून पाचवी पूर्ण करा. त्यासाठी लागणारा दाखला शाळेनं लगेच द्यायचा असतो, आणि दाखला लांबला म्हणून नवी शाळा प्रवेश अडवू शकत नाही. दोन्ही गोष्टी कलम ५ मध्ये आहेत. आता पाचवीला वार्षिक परीक्षा असते आणि नापास झाल्यास फेरपरीक्षा, तेव्हा ती परीक्षा तिला द्यायला लावाच. आणि न सांगता घरी ठेवणं आजच थांबवा. महिनाभर सलग गैरहजर मूल शाळाबाह्य धरलं जातं, मग दाखल्यावर "सतत गैरहजर" येतं आणि ते "परगावी" पेक्षाही वाईट दिसतं. तब्येतीचं खरं कारण असेल तर डॉक्टरांचं पत्र जोडून रजेचा अर्ज द्या.

एप्रिलनंतर दाखला घेताना कारणाच्या रकान्यात "पालकांच्या विनंतीवरून" एवढंच लिहायला सांगा. शाळा हा शेरा नेहमी मारतात, तो खरा आहे आणि पुढे कुठे टोचत नाही. पुढच्या शाळेवरून अडलं तर आधी राष्ट्रीय मुक्त विद्यालयी शिक्षण संस्थेच्या, म्हणजे एनआयओएसच्या, मूलभूत शिक्षण कार्यक्रमाची चौकशी करा. त्याच्या ए, बी, सी पातळ्या तिसरी, पाचवी आणि आठवीच्या तोडीच्या धरतात. तिथे नोंदणी झाली की "पुढे कुठे शिकणार" याला लेखी उत्तर मिळतं आणि शाळाबाह्य म्हणून आलेल्या माणसाला दाखवायलाही कागद असतो. राज्याच्या मुक्त विद्यालय मंडळाच्याही पाचवी, आठवीच्या परीक्षा आहेत, पण त्यांचा मला स्वतःला अनुभव नाही.

आम्ही शेवटी एनआयओएसच्याच दारानं गेलो. तिथे दहावीला वयाची १४ वर्षं पूर्ण लागतात आणि खालच्या इयत्तेचा दाखला नसला तरी स्वयंघोषणेवर चालतं. नोंदणी पाच वर्षं टिकते, त्यात नऊ संधी असतात आणि विषय सुटे सुटे देता येतात. माझ्या मुलानं गणित मुद्दाम शेवटी ठेवलं. "पास गॅरंटी" म्हणणाऱ्या एजंटांच्या नादी मात्र लागू नका, अर्ज स्वतः ऑनलाइन भरता येतो.

तुम्ही लिहिलंय की सोसायटीतली अजून चार मुलं घेऊन वर्ग सुरू करायचा विचार आहे. माझं मत, करू नका. निदान फी घेऊन, पाटी लावून, शाळेच्या वेळेत तर नाहीच. पालकाला दंड नसला तरी मान्यता नसलेली शाळा चालवणाऱ्याला आहे: कलम १८ नुसार एक लाखापर्यंत, आणि चालू ठेवली तर दिवसाला दहा हजारांपर्यंत. आपापली मुलं आपापल्या घरी शिकवून संध्याकाळी खेळायला एकत्र आणणं वेगळं.

सासूबाई म्हणतात "परत शाळेत घेणार नाहीत", त्यांना सांगा की चौदापर्यंत घेतात. कलम ४ प्रमाणे वयाला साजेशा वर्गात बसवावं लागतं, मागे पडली असेल तर विशेष प्रशिक्षण द्यावं लागतं, आणि कलम १५ प्रमाणे वर्षाच्या मध्ये गेलात तरी नाही म्हणता येत नाही. हा आधार आठवीपर्यंतच आहे. नववीला शाळा आपल्या मर्जीच्या मालक, तेव्हा परत पाठवायचं असेल तर सातवीच्या आसपासच ठरवा.

अर्ज नेहमी दोन प्रतींत द्या, आपल्या प्रतीवर शिक्का आणि तारीख घ्या. शिक्का देत नसतील तर स्पीड पोस्टनं पाठवा. रजिस्टरमध्ये काय लिहिलंय ते दाखवत नसतील तर माहितीच्या अधिकारात दहा रुपयांत उतारा मागता येतो; खाजगी विनाअनुदानित शाळा असेल तर अर्ज शिक्षणाधिकाऱ्यांच्या कार्यालयाकडे करा. हे मला सहाव्या महिन्यात कुणीतरी सांगितलं.

क्लार्कनं मजकूर सांगायला सुरुवात केली तर "घरी जाऊन लिहून आणते" म्हणा आणि उठा. अर्जाचा मसुदा मुलीचं आणि शाळेचं नाव काढून इथेच टाका, मी आज रात्री बघते.