कास पठार अर्ध्या दिवसात होतं का, आणि गाईड घ्यावा का?

तुमचा प्रश्न असा आहे: सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यात पुण्याहून कोल्हापूरला जाताना साताऱ्यात एक रात्र मुक्काम, दुसऱ्या दिवशी दुपारी दोनला निघायचं, सोबत 68 वर्षांच्या सासूबाई आणि 9 वर्षांचा मुलगा. एवढ्यात कास होईल का, आणि गाईडवर पैसे घालवण्यात अर्थ आहे का?

होईल. आणि गाईड घ्याच. पण कुणी "अर्ध्या दिवसात कास, ठोसेघर, सज्जनगड तिन्ही करून आणतो" म्हणालं, तर त्याला लांबूनच नमस्कार करा. सज्जनगड आणि ठोसेघर एका अंगाला, कास दुसऱ्या अंगाला. नकाशावर जवळ वाटतात, पण मधे घाट आहेत आणि सप्टेंबरातला धुक्याचा रस्ता आहे. आमच्या नणंदेने एकदा अशी तीन ठिकाणांची सहल घेतली होती. गाडीवाल्याने कासला मोजून पस्तीस मिनिटं दिली. घरी आल्यावर तिला विचारलं काय काय पाहिलं, तर म्हणाली, "पार्किंग छान होतं."

माझं माहेर सांगलीचं, लग्न होऊन साताऱ्यात आले. पहिल्या पावसाळ्यात आम्ही कासला गेलो ते कुणालाही न विचारता, आपलं आपण. फोटोत पाहिलेला जांभळा गालिचा डोक्यात बसलेला. तासभर चाललो. गवत, दगड, चिखल, मधेमधे बारीक बारीक काहीतरी. नवरा म्हणाला, "याच्यापेक्षा आपल्या परसात जास्त फुलं आहेत." मला कबूल करायला आवडत नाही, पण त्या दिवशी मलाही तसंच वाटलं होतं.

दोन वर्षांनी माहेरची माणसं आली म्हणून परत गेलो आणि फाटकावर गाईड घेतला. पठाराच्या आसपासच्या गावातलाच, विशीतला मुलगा. त्याने आम्हाला शंभर पावलंही नेलं नसेल, एका ओलसर खडकाजवळ थांबवलं आणि म्हणाला, "बसा हितं. उभ्यानं काय दिसायचं न्हाई." आम्ही बसलो. आणि मग दिसायला लागलं. ज्या जागेवरून मागच्या खेपेला आम्ही बहुतेक तरातरा निघून गेलो होतो, तिथे वीतभर जमिनीत त्याने पाच-सहा वेगळ्या जाती दाखवल्या.

कासची गंमत ही आहे. महाबळेश्वरला कड्यावर उभं राहून लांब बघायचं असतं, इथे वाकून जवळ बघायचं. म्हणून एकवेळ महाबळेश्वरला गाईड नसला तरी चालेल, इथे नसला तर पैसे, पेट्रोल आणि सुट्टी तिन्ही वाया.

थोडं पठाराबद्दल सांगते, म्हणजे गाईड काय बोलतोय ते मुलाला समजावता येईल. साताऱ्यापासून साधारण 25 किलोमीटर, उंची सुमारे 1200 मीटर. वर सगळा जांभा दगड, त्यावर मातीचा थर कुठे बोटभर, कुठे तेवढाही नाही. मोठ्या झाडाला मूळ धरायला जागाच नाही. पावसाळ्यात पाणी साचतं, उन्हाळ्यात तोच दगड तव्यासारखा तापतो. म्हणजे जे काही उगवायचं, फुलायचं, बी टाकायचं ते या तीन-चार महिन्यांत. एप्रिलमध्ये आलात तर इथे काही होतं यावर विश्वास बसणार नाही. 850 च्या आसपास सपुष्प वनस्पतींची नोंद या पठारावर आहे. 2012 साली युनेस्कोने पश्चिम घाटातली 39 ठिकाणं जागतिक वारशात घेतली, त्यातली चार महाराष्ट्रातली: कास, कोयना, चांदोली आणि राधानगरी. गर्दी खरी वाढली ती त्यानंतर.

आता मुलाच्या कामाचं. त्याला सांगून ठेवा की इथे किडे खाणारी झाडं आहेत. दवबिंदू नावाचं एक इवलं झाड आहे, त्याच्या पानांवर दव पडल्यासारखे थेंब चमकतात. ते दव नसतं, चिकट रस असतो. किडा बसला की अडकला, मग पान हळूहळू त्याच्याभोवती वळतं. आणि सीतेची आसवं, निळसर जांभळी, नखाएवढी फुलं. वरून इतकी गरीब दिसतात, पण ओल्या मातीत त्यांच्या बारीक पिशव्या असतात, पाण्यातले सूक्ष्म जीव त्यात ओढले जातात. असं का? आमच्या गाईडने एका वाक्यात सांगितलं: "मातीत खायला न्हाई, मग वरनं खायाचं." धो धो पावसाने जांभ्यावरच्या मातीतलं नत्र धुऊन जातं, ते ही झाडं किड्यांतून भरून काढतात. माझ्या भाच्याने त्यानंतर अर्धा तास एका पानासमोर ठिय्या मांडला होता, किडा बसेल म्हणून. बसला नाही. तरी तो खूश होता. घरात भिंग असेल तर घेऊन या, दहा-वीस रुपयांचं प्लॅस्टिकचं असलं तरी चालेल. मोबाईलच्या कॅमेऱ्यापेक्षा ते जास्त उपयोगी पडतं.

रंगाबद्दल मात्र आधीच सांगते, म्हणजे हिरमोड होणार नाही. पठार दर पंधरा दिवसांनी कपडे बदलतं. जून-जुलैत कंदवर्गातली पांढरी फुलं येतात, दीपकाडी वगैरे. वायतुराही साधारण तेव्हाचाच. त्याचा तुरा इंग्रजी वाय अक्षरासारखा दुभंगलेला असतो, आणि शास्त्रीय नावात आमच्या साताऱ्याचं नाव आहे, अपोनोजेटॉन सातारेन्सिस. तो तुम्हाला मिळणार नाही. ऑगस्ट अखेर ते सप्टेंबर मध्य हा गुलाबी-जांभळ्याचा काळ, तेरडा आणि सीतेची आसवं, मधे गेंदाच्या पांढऱ्या गुंड्या. तुम्ही येताय तेव्हा तेरडा उतरणीला लागलेला असेल आणि पिवळा चढत असेल: सोनकी, आणि कवला नावाच्या पिवळ्या फुलांतली ती मिकी माऊस म्हणतात ती जात. (नाव कुणी ठेवलं देव जाणे, पण मुलांना एकदा दाखवली की दुसऱ्यांदा ती स्वतः ओळखतात, दोन लाल ठिपके असतात पाकळीवर.) "तेरड्याचा रंग तीन दिवस" ही म्हण आम्ही शाळेत पाठ केली, तिचा अर्थ मला कासला कळला. आदल्या रविवारी गुलाबी असलेला उतार पुढच्या रविवारी नुसता हिरवा. इंटरनेटवरचा फोटो कुठल्या आठवड्यातला आहे हे कुणी लिहीत नाही, आणि निम्मी निराशा त्यातून येते. साताऱ्यात कुणी ओळखीचं असेल तर आदल्या दिवशी फोन करून विचारा.

टोपली कारवी दर सात वर्षांनी फुलते. ते वर्ष नसलं तरी तिची झुडपं बघा, उपड्या टोपल्या मांडून ठेवल्यासारखी दिसतात, नाव त्यावरूनच पडलंय.

गाईड कुठला घ्यायचा? फाटकावरचाच. पठाराची व्यवस्था वनखात्याबरोबर आसपासच्या गावांच्या संयुक्त वन व्यवस्थापन समित्या बघतात. कास, एकीव, आटाळी, कासाणी ही ती गावं, नंतर आणखीही जोडली गेली. तिथली मुलं गाईड म्हणून काम करतात. यांची आजी-आजोबांची पिढी याच पठारावर गुरं चारायची, त्यामुळे कुठल्या डबक्यात काय उगवतं हे त्यांना पाठ असतं. मधे काही वर्षं पठाराला जाळीचं कुंपण होतं, ते नंतर काढलं. गुरांचं चरणं बंद झाल्यामुळे गवत माजलं आणि फुलं दबली, असं गावात बरेच जण सांगतात. गाईडला हा विषय काढून बघा, फुलांच्या नावांपेक्षा रंगून बोलतो.

पैसे आणि वेळ आधी ठरवा, पावती मागा. आणि पहिल्याच वाक्यात सांगा: "आम्हाला सगळं पठार नको, थोडं दाखवा पण बसून दाखवा." हे सांगणं फार गरजेचं आहे. एका वर्षी आम्हाला भेटलेला गाईड पुढचा गट पकडायच्या घाईत होता. बोट दाखवायचा, नाव घ्यायचा, पुढे. दोष एकट्या त्याचा नाही, बहुतेक लोकांना सेल्फीची जागाच हवी असते, तो तरी काय करणार. आम्ही थांबवून सांगितलं, तेव्हा तो निवांत झाला आणि शेवटी आमच्याबरोबर जास्तच वेळ थांबला.

वेळेचं असं जमवा. सकाळी साडेसहाला हॉटेल सोडा. समर्थ मंदिराकडून यवतेश्वरचा घाट चढायचा, वरून मागे वळून बघितलं की खाली सातारा आणि समोर अजिंक्यतारा, तिथे पाच मिनिटं थांबलात तर हरकत नाही. धुकं असेल तर गाडी हळू, दिवे चालू. साडेसातपर्यंत पोचलात की साडेदहापर्यंत तुमच्याकडे तीन तास. गर्दीच्या दिवसांत गाडी अलीकडे वाहनतळावर ठेवून समितीच्या बसने वर जावं लागतं, तो वेळ धरा. स्वच्छतागृहाचं काम तिथेच उरकून घ्या, आत सोय धरू नका.

सासूबाईंसाठी: फाटकाजवळचा भाग बऱ्यापैकी सपाट आहे, तिथली फुलं त्या आरामात बघतील. जांभा मात्र खडबडीत, शेवाळलेला. चप्पल नको, पकड असलेले बूट आणि हातात काठी. माझे सासरे गुडघ्यांमुळे वाकू शकत नव्हते, तेव्हा आम्ही घडीचं छोटं स्टूल नेलं होतं. ते बसायचे, गाईड त्यांच्या पायाशी बसून सांगायचा. येणारे-जाणारे हसले असतील, हसू देत. कुमुदिनी तळं जुन्या राजमार्गाने आत चालत जावं लागतं, जाऊन-येऊन तासाभराहून जास्त धरा. पांढऱ्या झालरीच्या फुलांनी तळं भरलेलं असतं, दुपारकडे ती मिटायला लागतात. माझं मत विचाराल तर तुम्ही आणि मुलगा जा, सासूबाई आणि तुमचे मिस्टर फाटकाजवळ थांबू देत. सगळ्यांना ओढत न्यायचा हट्ट केलात तर परतीच्या वाटेवर कुणाचं तरी तोंड फुगणार.

फुलांवर पाय द्यायचा नाही, तोडायची नाहीत, हे मुलाला गाडीतच सांगा. आणि बसताना खडकावर बसा, हिरव्यावर नको.

उतरताना भूक लागेल. वाटेत पिठलं-भाकरी मिळते, पाऊस असेल तर भाजलेलं कणीस. कास तलाव थोडा पुढे आहे, साताऱ्याला पिण्याचं पाणी तिथून येतं, पण तुमच्या वेळात तो सोडलात तरी चालेल. बामणोलीचं नावही काढू नका, तिथे गेलात की बोटीत बसावंसं वाटतं आणि मग कोल्हापूर दुसऱ्या दिवशी. बाराच्या आत साताऱ्यात उतरलात की आंघोळ, जेवण, कंदी पेढे घेऊन दोनला निघता येतं.

बुकिंग मात्र आजच बघा. दिवसाला 3000 पर्यटकांची मर्यादा आहे, हंगामात ऑनलाइन वेळा ठरवून प्रवेश देतात आणि शनिवार-रविवार लवकर भरतो. सकाळची पहिली वेळ घ्या. तिकिटाचा स्क्रीनशॉट काढून ठेवा, वर नेटवर्कचा भरवसा नाही. शनिवार-रविवारचं मिळालं नाही तर मुक्काम एक दिवस मागे-पुढे करून मधल्या वारी या. सकाळी सातला फाटकावर "आम्ही एवढ्या लांबून आलोय" म्हणून वाद घालणारी एक तरी गाडी दर रविवारी असते, आणि आत सोडत नाहीत.