जर्मनीत आश्रय मागणाऱ्यांची संख्या खरंच कमी होतेय का?

हो, आणि बरीच. २०२३ मध्ये पहिल्यांदा अर्ज करणारे सुमारे ३ लाख २९ हजार होते, २०२४ मध्ये ते साधारण २ लाख ३० हजारांवर आले.

पण २०१५-१६ शी तुलना करताना हमखास एक घोळ होतो. २०१५ मध्ये जवळपास ८ लाख ९० हजार लोक आले. अर्ज मात्र पावणेपाच लाखांच्या आसपासच नोंदले गेले, कारण नोंदणीची यंत्रणाच तुंबली होती. राहिलेल्यांचे अर्ज पुढच्या वर्षी आले, म्हणून २०१६ चा आकडा ७ लाख ४५ हजारांवर गेला. थोडक्यात, माणसं सर्वाधिक आली २०१५ मध्ये, अर्ज सर्वाधिक आले २०१६ मध्ये. वादात जो तो आपल्या सोयीचं वर्ष उचलतो!

शिवाय युक्रेनमधून आलेले दहा लाखांहून अधिक लोक या आकड्यांत धरलेलेच नाहीत. युरोपीय संघाच्या तात्पुरत्या संरक्षणाच्या नियमामुळे त्यांना आश्रयाचा अर्ज करावाच लागत नाही.

घट का झाली? सरकार सीमेवरच्या तपासणीकडे बोट दाखवतं. सप्टेंबर २०२४ पासून ती सगळ्या भू-सीमांवर आहे. पण एकट्या तिला श्रेय देणं मला पटत नाही. आग्नेय युरोपातून येणाऱ्या बाल्कन मार्गावरची वर्दळ त्याआधीच ओसरू लागली होती. आणि अर्जदारांत तेव्हा सर्वाधिक असलेल्या सीरियन लोकांचं गणित डिसेंबर २०२४ मध्ये सीरियाचे अध्यक्ष असद यांची सत्ता कोसळल्यावर पार बदललं. त्यांच्या अर्जांवरचे निर्णय जर्मनीने तेव्हा लगेच थांबवले.