'सर्व डेटा मिळाला' यावर सही करण्याआधी

तुमची पोस्ट वाचली आणि वाटलं, माझेच 2022 चे मेसेज कुणीतरी उचलून इथे टाकलेत. लग्नाला सहा महिने झाले, मुहूर्ताच्या वेळचे फोटो गायब, फोटोग्राफर 'बघतो ताई' म्हणतोय, आणि आता तुम्ही विचारताय की उरलेले वीस हजार देऊन टाकले तर तो मनावर घेऊन शोधेल का. नाही शोधणार. देऊ नका. माझं सगळं रामायण तिथेच झालं.

करार होता का, ॲडव्हान्स किती दिला, हे बाकीचे विचारतीलच. मी त्यात शिरत नाही.

आमचं लग्न साताऱ्याला, मे महिन्यात. स्टुडिओचं नाव सांगणार नाही, मेसेज करून विचारू नका. पॅकेजमध्ये एक ट्रॅडिशनल, एक कॅन्डिड (पोज न देता, नकळत टिपणारा) आणि एक व्हिडिओवाला. निवडीसाठी लिंक आली, त्यात 2,900 च्या आसपास फोटो. मी आणि नणंदेने दोन रविवार बसून 180 निवडले. काही कमी आहे हे दोघींच्याही ध्यानात आलं नाही, कारण मंगलाष्टकांचे फोटो होते की! फक्त सगळे अंतरपाटाच्या पलीकडून, नवऱ्याच्या बाजूचे होते. आणि आम्ही वाद कशावर घालत होतो, तर कुठल्या फोटोत माझी मुंडावळी वाकडी आहे यावर.

मग अल्बम आला. फोटोग्राफर स्वतः घेऊन आला, मखमली बॅगेत. आईने चहा केला, कंदी पेढे पुढे केले. दोन पेढे खाऊन त्याने बिलबुक काढलं, 'ताई, फक्त एक सही.' सहीच्या जागेवर निळ्या शाईत त्यानेच लिहून आणलं होतं: 'अल्बम व सर्व डेटा मिळाला. बाकी निरंक.' मी सही केली आणि राहिलेले अठरा हजार तिथल्या तिथे पाठवले. पेनड्राइव्ह लॅपटॉपला लावूनसुद्धा बघितला नाही. घरी आलेल्या माणसासमोर मोजत बसणं बरं दिसत नाही, असं वाटलं. या बरं दिसण्यापायी मी पुढचे चार महिने घालवले.

बारा दिवसांनी मामा आले. अल्बम मांडीवर घेतला, गौरीहराशी बसलेली मी, पुढचं पान, त्याच्या पुढचं. 'मी कुठाय?' मला गौरीहरापासून बोहल्यावर आणलं मामांनी, मंगलाष्टकं संपेपर्यंत पाठीशी उभे राहिले ते, आणि 180 फोटोंत त्यांचा फक्त जेवतानाचा एक. काही बोलले नाहीत, पण जेवायला थांबले नाहीत. मामा रुसणं म्हणजे काय, हे इथे कुणाला सांगायला नको.

मग फोन सुरू झाले. आधी 'तेवढ्यात कॅमेऱ्याचं मेमरी कार्ड बदलत होतो', मग 'स्टेजवर गर्दी फार होती', मग दिवाळीनंतर बघू, आणि शेवटी तो ठेवणीतला डायलॉग: 'ताई, सर्व मिळालं म्हणून तुम्हीच सही केलीय की.' यातलं एक अक्षर माझ्याकडे लिखित नाही, सगळं फोनवर. प्री-वेडिंगचे रंगीत धुराच्या नळकांड्यांचे फोटो मात्र आठ दिवसांत आले होते, रीलसकट. असो.

तुमची चूक हीच होतेय की तुम्ही 'आमचे काही फोटो कमी आहेत' असं विचारताय. त्यावर तो तीच लिंक पुन्हा पाठवणार. मीही तीनदा घेतली. त्याऐवजी फोल्डरमधल्या फाइल्स नावानुसार लावा आणि नावांतले, कॅमेऱ्याने ओळीने दिलेले आकडे बघा. आमच्या कॅन्डिड कॅमेऱ्याची मालिका 2871 वर थांबून थेट 3240 ला सुरू होत होती. मधले पाच-दहा आकडे नसले तर सोडून द्या, डोळे मिटलेले, हललेले फोटो सगळेच उडवतात. साडेतीनशे सलग कुणी उडवत नाही. 9999 नंतर मोजणी पुन्हा 0001 पासून सुरू होते, ते बघून घाबरू नका. नावं बदलून दिली असतील तर फाइलच्या माहितीत फोटो काढल्याची वेळ बघा. दोन कॅमेऱ्यांची घड्याळं जुळतीलच असं नाही, आमचं एक अकरा मिनिटं पुढे होतं. व्हॉट्सॲपवर फोटो म्हणून आलेल्यांचा या कामी उपयोग नाही, ती माहिती त्यात राहत नाही.

मग मी एकच मेसेज लिहिला: 'कॅन्डिड कॅमेऱ्याचे 2872 ते 3239 फोटो आलेले नाहीत. वेळ साधारण 12.20 ते 1. त्या कॅमेऱ्यावर कोण होतं आणि ते कार्ड कुणी कॉपी केलं?' चार महिने 'बघतो' म्हणणाऱ्याचं तासाभरात उत्तर आलं: 'तो मुलगा बाहेरचा होता.'

सीझनमध्ये स्टुडिओवाले एकेका दिवशी तीन-तीन लग्नं घेतात आणि रोजावर मुलं बोलावतात. हा मुलगा दुसऱ्या दिवशी पहाटे कराडच्या लग्नाला गेला, मधलं एक कार्ड त्याच्याच बॅगेत राहिलं. नंतर ते पुसून वापरलंसुद्धा, पण त्याआधी लॅपटॉपवर उतरवलं होतं. स्टुडिओने मागितलं नाही, आणि त्याचे तीन दिवसांचे पैसे अडकलेले, म्हणून त्यानेही आपणहून दिलं नाही. मी त्याला माझ्या खिशातून तीन हजार दिले. नवऱ्याच्या मते हा शुद्ध मूर्खपणा, स्टुडिओकडूनच वसूल करायला हवे होते. असेल. मला मामांकडे जायचं होतं.

तुमच्याकडे कॉपीच नसेल आणि फक्त पुसलेलं कार्ड असेल, तर त्याच्यावर पुढे एकही फोटो काढू देऊ नका. वर नवं काही लिहिलं जात नाही तोवर जुनं बऱ्याचदा परत मिळतं, फोटोरेक नावाचं फुकट सॉफ्टवेअर आहे. व्हिडिओवाल्याकडे न कापलेलं शूटिंग मागा. ते फोर-के, म्हणजे जास्त बारकाव्याचं, असेल तर एका फ्रेमचा पाच बाय सातचा प्रिंट ठीक येतो, फक्त माणसं हलत नसलेली फ्रेम निवडा.

कायद्याचं म्हणाल तर मी वकील नाही, मी त्या वाटेने गेलेही नाही, सहीमुळे धीर झाला नाही. माहिती म्हणून: 2019 च्या ग्राहक कायद्यात तक्रारीला दोन वर्षांची मुदत आहे, तुम्ही राहता त्या जिल्ह्यातच करता येते आणि मोबदला, म्हणजे तुम्ही कामाचे दिलेले पैसे, पाच लाखांपर्यंत असेल तर फी लागत नाही. आधी 1915 ला, म्हणजे राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला, फोन करून बघा. आणि 'फोटोंचे हक्क आमचे' असं कुणी ऐकवलं तर 1957 च्या कॉपीराइट कायद्याचं कलम 17 वाचायला सांगा. पैसे देऊन काढून घेतलेल्या फोटोचा पहिला मालक पैसे देणारा असतो, उलट करार नसेल तर. मात्र त्याचा अर्थ रॉ फाइल्स (कॅमेऱ्यातल्या मूळ, काहीही न सुधारलेल्या) द्यायलाच हव्यात असा होत नाही, त्यावर उगाच भांडत बसू नका. तुमची केस वेगळी असेल, जाणकाराला विचारूनच काय ते करा.

आम्हाला 368 पैकी 341 मिळाले. त्यातला एक चांगला बघून मोठा केला, फ्रेम केली आणि पेढ्यांसकट कोरेगावला मामांकडे नेऊन दिला. मामांनी चष्मा लावला, खिडकीजवळ नेऊन बराच वेळ बघितलं आणि म्हणाले, 'यात फेटा वाकडा आलाय. दुसरा नाही का?'